मधुकर सरांचा दुसरा भाग

मधुकर सर पहिल्यांदा माझ्या दुकानाची पायरी चढले तेव्हा त्यांच्या हातात हिरवं, कोरं सुती कापड होतं आणि चष्म्याची एक काडी काळ्या दोऱ्यानं बांधलेली होती. कापड माझ्या मशीनवर ठेवून म्हणाले, "ताई, याचं एक जुनं पोलकं शिवून द्या."

अकोल्याच्या जुन्या शहरात मी तीस वर्षं बायकांचे कपडे शिवतेय. बायका काय काय मागतात ते ऐकून माझे कान पक्के झालेत. पाठीला खिडकी पाहिजे, बाहीला घुंगरू पाहिजे, अंगानं जाड दिसू नये असं शिवा, सगळं झालंय. पण जुनं पोलकं शिवून द्या म्हणणारा माणूस पहिल्यांदाच भेटत होता.

"जुनं शिवत नसतात जी," मी म्हटलं. "नवं शिवतात, मंग ते जुनं होते."

"किती दिवसांत होते?"

"बाईवर हाय. राबणारी असन तर एका उन्हाळ्यात."

"माह्याजवळ आठ दिवस हायेत," असं म्हणून सर स्टुलावर बसले. खिशातून फुटाणे काढले, चार मला दिले आणि आपण सिनेमा काढून राहिलो असं सांगितलं. मी मनात म्हटलं, झालं, गेला हा माणूस कामातून.

आज त्यांचं नाव निघालं की माझ्या तोंडात ते फुटाणे आणि एक शिवी, दोन्ही बरोबरच येतात.

सर एका शाळेत चित्रकला शिकवायचे. त्यांचा सिनेमा म्हणजे काय? कॅमेरा लग्नाची शूटिंग करणाऱ्या बबलूचा. पात्रं म्हणजे शाळेतले मास्तर आणि त्यांच्या घरची माणसं. गाव पातूरकडचं, सरांच्या मावसभावाचं. आणि शूटिंग मे महिन्यात, कारण शाळेला सुट्टी तेव्हाच. अकोल्याच्या मे महिन्यात शहाणी माणसं दारंखिडक्या लावून कूलरपुढं पडून राहतात. सर पहाटे पाचला सगळ्यांना उभं करायचे आणि दहाला ऊन डोक्यावर आलं की सोडायचे.

पोलकं मी केलं. कापड सोड्याच्या पाण्यात उकळलं, गच्चीवर वाळवलं, विटेनं घासलं, शिवलं, पुन्हा घासलं, डाव्या कोपराशी ठिगळ लावलं. एवढं केल्यावर मला वाटलं सर खूश होतील. सरांनी पोलकं नाकाशी धरलं आणि तोंड वाकडं केलं. "तेलाचा वास नाई येत."

"आता मा माय! पडद्यावर वास कोनाले येते?"

"जे घालनार हाय तिले येते. तिले आला म्हंजे आपल्याले दिसते."

मी तीन दिवस ते पोलकं उशीला गुंडाळून झोपले. शिव्या घालत झोपले, पण झोपले. सरांचं हे असंच होतं. आपल्याकडून काम काढून घ्यायचे आणि आपल्याला वाटायचं, आपणच हौसेनं करतोय.

माझं काम पोलक्यावर संपायला हवं होतं, पण मी एक दिवस शूटिंग बघायला म्हणून गेले आणि सुट्टी संपेपर्यंत तिथंच राहिले. कोणत्या सीनला कोणतं लुगडं, हातात बांगड्या किती, पदर खोचलेला की सोडलेला, हे कोणी लिहून ठेवत नव्हतं. मी माझ्या मापांच्या वहीत लिहायला लागले. सर म्हणाले, "बस, सिनेमाची अक्कल या वहीत हाय आता." ऐकून मी चार बोटं वर चालले होते.

शॉट सुरू झाला की सर कॅमेऱ्याशेजारी उकिडवे बसून डोळे मिटून घ्यायचे. पहिल्या दिवशी मला वाटलं, झोपले बाप्पा! मग बघितलं तर मान हलत होती, नाही-नाही म्हणतात तशी. "खोटं कानाले पहिले समजते," ते सांगायचे. "डोळे फसतात. लुगडं चांगलं दिसलं का फसतात." बोलणं खरं वाटेपर्यंत ती मान हलत राहायची. खरं वाटलं की मान थांबायची आणि सर डोळे उघडून ओरडायचे, "खरं हाय!" कट म्हणायचे नाहीत, ओके म्हणायचे नाहीत. नुसतं "खरं हाय!" आणि तेही एवढ्या जोरात की शेजारच्या गोठ्यातली म्हैस दर वेळी दचकायची. गावातली माणसं मग एकमेकांना चहा दिला तरी "खरं हाय!" म्हणून ओरडायची आणि हसायची.

आणखी एक सवय होती. शॉट झाला की सर तिथला सगळ्यांत गप्प माणूस शोधायचे. पाणी आणणारी बाई, बैलगाडीवाला, कोणीही. त्याच्यासमोर जाऊन विचारायचे, "कुठं खोटं वाटलं?" खोटं वाटलं का, असं नाही. कुठं वाटलं. म्हणजे कुठंतरी वाटलंच असणार हे धरूनच विचारायचे. माणूस आधी लाजायचा, मग सांगायचा, आणि त्यानं सांगितलं की शॉट पुन्हा. बबलू कपाळाला हात लावायचा.

शांता सिनेमात आली ती या सवयीमुळं.

शांता आमच्या पोळ्या करायला होती. अकोल्यातल्या एका मेसमध्ये ती पोळ्या लाटायची, आणि सुट्टीत मेस बंद म्हणून सरांनी तिला गावात आणलं होतं. चाळिशीची, सावळी, मोजकं बोलणारी. सिनेमाच्या शेवटी बाई नवऱ्याच्या घरातून कायमची निघून जाते, अशी गोष्ट होती, आणि त्या बाईचं काम सरांच्याच शाळेतल्या एक मॅडम करत होत्या. निघून जायच्या सीनची तालीम चालली होती. मॅडम दाराची चौकट धरून अशा रडल्या की माझेही डोळे भरले. सरांची मान मात्र हलतच राहिली. मग ते उठून चुलीपाशी गेले. "शांताबाई, कुठं खोटं वाटलं?"

शांतानं लाटणं थांबवलं नाही. "रडाले टाइम नसते जी," ती म्हणाली. "जानारी बाई पहिले चूल इझवते. मांगं घर जळू नये म्हनून. मंग लुगड्याले हात पुसते अन् निंगते. रडते ते एश्टीत. तेही खिडकीजवळ जागा भेटली तर."

हिला हे कसं माहीत, असं विचारायची गरजच नव्हती. अकरा वर्षांपूर्वी ती स्वतः तशीच निघाली होती. नवरा मारायचा. माहेरच्यांनी दारात घेतलं नाही, म्हणून अकोल्यात येऊन एकटी राहत होती.

सरांनी तिथल्या तिथं मॅडमपुढं हात जोडले आणि शांताच्या हातातलं लाटणं काढून माझ्या हातात दिलं. मॅडम दुपारच्या गाडीनं गेल्या. त्यांच्यासाठी कोणाला वाईट वाटलं नाही, मलाही नाही. एका वाक्यावर बाई बदलणारा माणूस आहे हा, हे तेव्हाच माझ्या ध्यानात यायला हवं होतं. पण आम्ही सगळे शांताकडे बघत होतो.

पोलकं मी उसवून शांताच्या मापाचं केलं. माप घेताना बघितलं तर तिचा उजवा दंड डाव्यापेक्षा जाड. इतकी वर्षं पीठ मळून आणि लाटून झालेला. उजवी बाही अर्धा इंच जास्त ठेवावी लागली. वहीत तिच्या पानावर मी तसं लिहून वर दोन रेघा मारल्या, म्हणजे विसरायला नको.

शेवटच्या दिवशी शेवटचा सीन होता. चूल विझवायची, हात पुसायचे, पत्र्याची पेटी उचलायची आणि दाराबाहेर पडायचं. बबलू तयार, सर डोळे मिटून बसलेले. पण शांता जागची हलेना.

"काय झालं, शांताबाई?"

"सर, एक इचारू का?"

"इचारा न."

"तुमी मले वापस त नाई आनसान?"

सरांनी डोळे उघडले. शांता पेटीचं कडं धरून उभी होती. म्हणाली, "खऱ्या घरातून निंगाले मले नऊ वर्षं लागले. निंगाली तर भाऊ तीन खेपा नवऱ्याच्या घरी वापस न्याले आला. आता सिनेमात निंगून राहिली, तर सिनेमाच्या मांगंही कोनी न्याले येईन का, थे मले आत्ताच सांगा. येनार असन तर मी नाई निंगत."

सर उठून तिच्याजवळ गेले. त्या पेटीवर हात ठेवला. "शांताबाई, तुमाले कोनी वापस आननार नाई. अन् मी त नाईच नाई."

मग शांतानं चूल विझवली. पाणी पडलं तशी राख उडून तिच्या तोंडावर आली, ती तिनं पुसली नाही. हात पुसले, पेटी उचलली आणि गेली. सर असे ओरडले "खरं हाय!" की लिंबावरचे कावळे उडाले. दुपारी शेतात गोवऱ्यांवर भाजलेले रोडगे आणि वांग्याची भाजी केली, आणि पहिलं ताट सरांनी आपल्या हातानं शांताला वाढलं.

सिनेमाचं नाव 'निघाली'. त्याला थिएटर कोण देणार? सरांनी शाळेच्या पटांगणात दाखवला, मंगल कार्यालयात दाखवला, गावोगावी पांढरी चादर बांधून दाखवला. मग बबलूनं तो मोबाइलवर टाकला आणि तो वऱ्हाडातल्या घराघरांत गेला. बायका मेसच्या मागच्या दारानं शांताला बघायला यायच्या. काही बोलायच्या नाहीत, हात धरून नुसत्या उभ्या राहायच्या. शांताची आई अकरा वर्षं लेकीच्या हातचं पाणी प्यायली नव्हती. ती कुरोड्यांचा डबा घेऊन आली आणि चार दिवस राहून गेली. भाऊ प्रल्हाद, त्याचंही तोंड बंद झालं. चाल वापस, म्हणणं थांबलं. शांताच्या आयुष्यात सिनेमानं केलं ते एवढंच. पण ते केवढं होतं, हे ज्या बाईनं भावाच्या तीन खेपा दारातून परत पाठवल्या तिलाच विचारावं.

लोकांचा मात्र सगळीकडे एकच प्रश्न. पुढं काय झालं? दुसरा भाग कधी? कौंडण्यपूरच्या यात्रेत सिनेमा दाखवला तेव्हा एका म्हाताऱ्यानं सरांचं बखोट धरलं. "बाई कुठी गेली थे सांगा, तवाच सोडतो." सर हसून म्हणाले, "बावाजी, निंगाली न ते? मंग कुठी गेली हे इचाराचा आपल्याले हक नाई." म्हाताऱ्यानं जरा विचार केला आणि बखोट सोडलं. मला त्या दिवशी सरांचा इतका अभिमान वाटला की मी त्यांच्या सदऱ्याची उसवलेली बाही तिथंच यात्रेत बसून टाचून दिली.

दहा-बारा वर्षं गेली. सर रिटायर झाले. त्यांनी आणखी दोन सिनेमे काढले, ते कोणी पाहिले नाहीत. लोक भेटले की अजून 'निघाली'चंच बोलायचे. एकदा दुकानात येऊन बसले, फुटाणे हातातच राहिले. "ताई, माह्या बाकीच्या कामाचं काईच नाई का व?" असं म्हणाले. मला त्यांची कीव आली. आता वाटतं, तेव्हाच ते विकले गेले होते, फक्त गिऱ्हाईक यायचं बाकी होतं.

ते मुंबईहून आलं. पेपरमध्ये बातमी आली की 'निघाली'चा दुसरा भाग होणार, मोठा पडदा, नावाजलेले नट, आणि डायरेक्टर मधुकर सरच. आता खरं म्हणजे निघाली ती निघाली, तिचा दुसरा भाग कसला? पण आम्हाला आनंदच झाला. दुसऱ्या कोणाच्या हातात गेला असता तर काळजी. ज्यानं बाईला घराबाहेर काढलं तोच तिला पुढं नेणार, मग घोर कसला? शांतानं मेसमध्ये सगळ्यांना शिरा वाढला. तिला वाटलं, सर आता विचारायला येणार. अकोल्यात उतरल्यावर ती कुठं गेली, पहिली खोली कशी मिळाली, एकट्या बाईला कोण काय बोललं. "सांगाले लय हाय माह्याजवळ," म्हणाली.

सर आले, पण माझ्या दुकानात. चष्मा नवा, सोनेरी काड्यांचा. "कशा आहात सुमनताई?" म्हणाले. आहात! बारा वर्षं या माणसानं मला 'कशी हायेस ताई' याशिवाय काही म्हटलं नव्हतं. मला ते कानाला खटकलं, पण मी म्हटलं, मोठ्या लोकांत बसून जीभ वळली असेल.

"तेच पोलकं हवं आहे," ते म्हणाले. "हिरवं, ठिगळाचं. अगदी तसंच."

"उशीले गुंडाळू का?" मी हसले.

"ती गंमत वेगळी होती," सर म्हणाले.

मी वही काढली. शांताचं पान उघडलं, गळ्यातली टेप सारखी केली. "आज सांजेले बोलावते तिले. अंगानं भरली हाय थोडी, माप पुन्हा घ्या लागन."

"माप आणलंय," म्हणून सरांनी खिशातून चिठ्ठी काढली.

मी वाचली. छाती, कंबर, खांदा. आकडे वेगळे होते, पण बारा वर्षांत माणसाचं अंग इकडचं तिकडं होतंच. मग बाह्यांवर आले.

"सर, उजवी बाही?"

"दोन्ही सारख्याच ठेवा."

खाली मान घालून म्हणाले. पीठ मळणारा हात बारा वर्षांत बारीक होत नसतो. मी मशीनवरचा हात काढून घेतला. "शांताले सांगतलं?"

"सांगतो ना. मीच सांगतो तिला." आणि मग जाता जाता, पायरीवर उभं राहून, "आणि ताई, या वेळी पडद्यावर नाव येईल तुमचं. वेशभूषा म्हणून. मोठ्या अक्षरांत."

आता लिहायलाच बसलेय तर खरं लिहिते. मी तोंड उघडलं नाही. कापड उकळलं, विटेनं घासलं, ठिगळ लावलं, दोन्ही बाह्या सारख्या कापल्या. वहीतली पानं फाडून दिली, त्यात बांगड्या किती आणि पदर कसा ते सगळं होतं. दुकानाच्या पाटीशिवाय माझं नाव जन्मात कुठं लिहिलेलं नव्हतं, हे एवढंच त्याचं कारण. शांता रोज मेसला जाताना दुकानात डोकवायची. "सर आले नाईत का व?" आणि मी मशीनवरची नजर न काढता म्हणायची, "येतीन."

सर आलेच नाहीत. प्रल्हाद आला.

शांता तेव्हा माझ्या दुकानातच होती, पिशवीला बंद लावून घ्यायला आली होती. प्रल्हादनं मोबाइल आमच्यापुढं धरला. दुसऱ्या भागाची जाहिरात होती. एक गोरीपान बाई, अंगात हिरवं पोलकं, हातात पत्र्याची पेटी. त्याच घराच्या दारात ती परत आली होती आणि आजारी नवऱ्याच्या पायांवर डोकं ठेवत होती.

"पाह्य न," प्रल्हाद म्हणाला. "तुह्या सरानंच धाडली वापस. दुसऱ्या कोनी नाई, ज्यानं पहिला पिच्चर काढला त्यानंच. दाजी बिमार हायेत, भाकर टाकाले घरात कोनी नाई. सिनेमातली गेली, मंग तुले काहून जड होऊन राहिलं? मी रविवारी न्याले येतो."

तेवीस वर्षं ही बाई एकटी उभी राहिली. भावाला जे तोंड उघडायची हिंमत नव्हती ते सरांनी त्याला उघडून दिलं. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पण मी बोलणार कोणत्या तोंडानं? शांता भावाकडे बघतच नव्हती. ती मोबाइलमधल्या पोलक्याकडे बघत होती.

"सुमन, शिलाई तुही हाय."

"हाव."

"उजवी बाही?"

"सारखी."

तिनं मान हलवली. "मले सांगतलं अस्तं तरी मी रडली नसती," एवढंच म्हणाली. चार शिव्या घातल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. मग भावाला म्हणाली, "पिच्चर पाहून सांगते तुले."

पहिला खेळ अमरावतीला होता आणि सर स्वतः येणार होते. शनिवारी आम्ही दोघी एसटीनं निघालो. मूर्तिजापूर, बडनेरा, सगळा रस्ता शांता मांडीवर डबा घेऊन बसून होती. मी मात्र सरांना काय काय बोलायचं ते मनात जुळवत होते. शिव्या नाहीत, शिव्यांच्या वरचं काहीतरी सापडेना.

सिनेमा सुरू झाला आणि पहिल्याच दोन मिनिटांत माझं नाव आलं. वेशभूषा, आणि पुढं मी, मोठ्या अक्षरांत. नसतं आलं तर निदान मला भांडता तरी आलं असतं. शांतानं ते वाचलं आणि माझ्या हातावर हात ठेवला. मी माझा हात काढून घेतला. कसा राहू देऊ?

ती गोरी बाई पुण्यासारखं बोलायची आणि मध्येच एखादं मले-तुले टाकायची. लोक हसायचे. सिनेमात तिची दहा वर्षं कुठं गेली हे एका गाण्यात उरकलं होतं. शेवटी ती परत येते, नवऱ्याच्या पाया पडते आणि तीच चूल पुन्हा पेटवते. सगळं थिएटर टाळ्या वाजवायला लागलं. शांता वाकून पडद्याकडे बघत होती. "लाकडं ओली हायेत," म्हणाली. "अशी पेटत नसतात." आमच्या मागच्या बाईनं शुक्‌ केलं.

बाहेर सरांच्या गळ्यात हार घातले होते. माणसं फोटो काढत होती. शांता त्या गर्दीतून सरळ त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिली, मी तिच्या मागं. सरांनी तिला बघितलं. चेहरा क्षणभर पार उतरला, मग सावरला. शेजारच्या सुटातल्या माणसाला म्हणाले, "या आमच्या पहिल्या सिनेमाच्या वेळच्या... स्वयंपाकाला होत्या."

मी पुढं झाले, पण शांतानं मला हातानं मागं सारलं.

"सर, इचारा न," ती म्हणाली.

"काय विचारू?"

"जे सगळ्याइले इचारत होते थे. कुठं खोटं वाटलं म्हनून."

सर हसले. खोटं हसले, हे सांगायला डोळे मिटायची गरज नव्हती. "शांताबाई, जेवून जा. वर सगळी व्यवस्था आहे."

"माह्या हातचं खाऊन आली मी," शांता म्हणाली. "तुमी इचारत नाई त मीच सांगते. प्रल्हाद उद्या मले न्याले येऊन राहिला, तुमचा पिच्चर दाखवून. मी नाई जात. तुमी आनखी कितीही भाग काढा. सर, मी वापस गेली नाई."

आवाज चढवला नाही, रडली नाही. भाजीत मीठ कमी आहे हे सांगावं तशी बोलली, वळली आणि दाराकडं चालायला लागली.

मी थांबले. माझं बोलणं अजून शिल्लक होतं. पण सरांकडं बघितलं तर त्यांनी डोळे मिटलेले. गळ्यात हार, चारी बाजूंनी माणसं, आणि सर डोळे मिटून उभे. मान हलत नव्हती. मग ओठ हलले. "खरं हाय," म्हणाले. इतक्या हळू, की मी दोन हातांवर नसते तर मलाही ऐकू आलं नसतं. ज्या आवाजानं म्हैस दचकायची, कावळे उडायचे, त्यातला एवढाच उरला होता. तेवढ्यात कोणीतरी म्हणालं, "सर, इकडं बघा," आणि सरांनी डोळे उघडून फोटोसाठी हसू आणलं. मी त्यांना शेवटचं बघितलं ते असं.

शांता रस्त्यावर माझी वाट बघत होती. "काई म्हनले का सर?"

एकदा तिच्यापासून लपवून बघितलं होतं मी. "हाव," मी म्हटलं. "खरं हाय म्हनले. पन हळू."

"हळू म्हनले?"

"लय हळू."

"मंग राहू दे," शांता म्हणाली आणि पदर खोचून स्टँडच्या रस्त्याला लागली.

परतीच्या एसटीत तिला खिडकीजवळ जागा मिळाली. मी मूर्तिजापूर येईपर्यंत तिच्याकडे बघितलं नाही.